बुरशीचं विरजण

आमच्या घरी खंडेनवमीला सगळ्या अवजारांना हळद लागते, एकाला सोडून. नांगर, पाभर, विळे, खुरपी, मायची शिलाई मशीन, आता तर भावाची मोटरसायकलसुद्धा धुऊनपुसून ओळीत उभी राहते आणि हळदीकुंकू लावून घेते. माझ्या अवजाराला मात्र नुसतं कुंकू, तेही झाकणाच्या बाहेरून, बोटभर. पाहुणे विचारतात, "हिलाच हळद का न्हाई?" माय म्हणते, "तिला सोसत न्हाई." एवढ्यावर पाहुण्यांचं भागतं. माझं भागत नाही, म्हणून लिहायला बसले आहे.

माझं अवजार म्हणजे बुरशी. हसू नका. शिळ्या भाकरीवर येते ती नव्हे, तिची लांबची चुलत बहीण म्हणा. जमिनीखाली झाडांच्या मुळ्यांना धरून पांढऱ्या दोऱ्यासारखी पसरत जाते ती. परतूरहून मंठ्याकडं जाताना आमचं गाव लागतं. गावाबाहेर, पडीक रानात, अर्धी जमिनीत आणि अर्धी वर अशी एक खोली बांधली होती, आणि त्या खोलीत ही बुरशी विचार करायची. खरोखर विचार करायची. पुण्याच्या एका संस्थेनं तिला क्वांटम संगणकाशी जोडून दिलं होतं.

संस्थेनं पाठवलेले सर मला पहिल्याच दिवशी समोर बसवून म्हणाले, "साधा संगणक एका वेळी एकच वाट चालून बघतो. चुकली की परत येतो आणि दुसरी धरतो. क्वांटम संगणक सगळ्या वाटा एकदमच चालतो. आणि ही बुरशीही तेच करते. अंधारात चारी दिशांना धागे सोडते. जिथे काही सापडतं तो धागा जाड करते, बाकीचे आवरून घेते. म्हणून या दोघांचं जमतं." परदेशात असल्या यंत्राला भयंकर थंडी लागते म्हणे. आमच्या बुरशीच्या संगतीत त्याला माठातल्या पाण्याएवढा गारवा पुरायचा. खिडक्यांना ओली गोणपाटं बांधली की झालं.

खोलीत तुरीच्या भुशाचे वाफे होते, त्यात ती वाढायची. वाफ्यांमधून तांब्याच्या तारा निघून मधल्या एका तांब्याच्या भांड्यात जायच्या. भांडं लग्नातल्या भाताच्या हंड्याएवढं, वर घट्ट झाकण. आत काचेची मोठी परात, आणि परातीत तालुक्यातल्या गावागावांची माती, नकाशात जे गाव जिथं तिथं त्याची चिमूट. तिला प्रश्न एकच घातलेला होता: जमिनीखाली पाणी कुठून कुठं जातं आणि उन्हाळ्यात कुठं टिकतं. उत्तर तयार झालं की जिथं पाणी तिथले धागे उरणार, बाकीचे विरून जाणार. तोवर झाकण उघडायचं नाही. मध्येच कुणी बघितलं की सगळ्या वाटा कोसळल्या आणि विचार मोडला.

हे सगळं मी घरी येऊन मायला सांगितलं. ती भाकरी थापत होती. म्हणाली, "मंग दह्यावानीच की. विरजण लावल्यावर गाडगं हालवू ने." मी दुसऱ्या दिवशी सरांना सांगितलं. सर खूप वेळ हसले आणि त्या दिवसापासून ते पण त्या तांब्याच्या भांड्याला गाडगं म्हणायला लागले. बुरशीला तर सगळं गाव आधीपासूनच 'ती बाई' म्हणायचं. "काय म्हणती तुझी बाई? जेवली का?" असं मला रस्त्यात विचारायचे.

आता मी तिथं कशी पोचले ते सांगते. एक्क्याऐंशी साली मी पाटी घेऊन पहिलीत बसले. बारावी झाले ती परतूरला एस.टी.नं जाऊन येऊन, शास्त्र शाखेतून, आणि गावातली पहिली पोरगी म्हणून. सरांना गावातच राहणारं, शास्त्र शिकलेलं माणूस पाहिजे होतं. शिकलेल्या पोरांना औरंगाबादच्या कंपन्या दिसत होत्या. ओल्या भुशात हात घालून बुरशीला कोंडा भरवायला कोण बसतंय? मी बसले. आणि खरं सांगते, पहिल्या आठवड्यातच मला कळलं की मला दुसरीकडं कुठं बसायचंच नाही.

अडचण होती ती आबांची. आबा म्हणजे माझे वडील. मोसंबीचा बाग, थोडा कापूस, थोडी ज्वारी; आणि बोलणं असं की ऐकणाऱ्याला वाटावं, शब्दाला खर्च येतो. मी नोकरीचं सांगितलं तेव्हा बैलाच्या पाठीवरनं हात फिरवत राहिले. मग म्हणाले, "पुढल्या दिवाळीपसतोर कर. पक्की झाली तर बघू. न्हाई तर तुळशीचं लगीन लागलं की तुझं."

स्थळ तयारच होतं. मंठ्याच्या पलीकडचं गाव, पाण्याखालची जमीन, मुलगा निर्व्यसनी. मुलाबद्दल माझं काही म्हणणं नाही, आजही नाही. पण त्याच्या घरच्यांनी बैठकीतच सांगितलं होतं, "नोकरी-बिकरी आमच्यात चालत न्हाई. पोरगी घरात पाह्यजे." आणि इकडं संस्थेचं म्हणणं असं, की दिवाळीच्या आत पुण्याची माणसं येऊन झाकण उघडणार. उत्तर निघालं तर केंद्र गावात राहील आणि मी त्यात कायमची. नाही निघालं तर गाडगं उचलून पुण्याला. म्हणजे माझी सगळी जिंदगी त्या झाकणाखाली गेली होती.

वर्षभर मी तिला लेकरासारखं सांभाळलं. कोंडा, गूळपाणी, पऱ्हाटीचा म्हणजे कापसाच्या वाळल्या काड्यांचा चुरा. भुसा गावातल्या बायका आणून द्यायच्या. अशीच एक बाई एक दिवस पाटी उतरवून म्हणाली, "एवढा भुसा देते, तर हिचं वाटीभर विरजण दे की मला. आमच्या वांग्याच्या बुडाला घालते." मी सरांकडं बघितलं. आमच्याकडं विरजणाला नाही म्हणत नाहीत. दिवेलागण झाल्यावर देत नाहीत तेवढंच, बाकी हाडवैर असलं तरी विरजण द्यायचं. सर म्हणाले, "द्या. जितकी पसरेल तितकं चांगलं." आणि वर हेही म्हणाले की वेगळी काढलेली बुरशी जिवंत आहे तोवर मूळच्या बुरशीशी तिची जोडी तुटत नाही. इथं वाफा विचार करतो तोच तिथं वाटी करते. बायकांना त्याचं काही वाटलं नाही. लेक सासरी गेली तरी तिला माहेरचं कळतंच, त्यात काय एवढं?

मग काय, रीघच लागली. वाट्या, तांबे, नारळाच्या करवंट्या. कुणी वांग्याला घातलं, कुणी मोगऱ्याला, कुणी उकिरड्यात. लेकी परत जाताना शिदोरीबरोबर घेऊन गेल्या, तशी ती तालुक्यातल्या कुठल्या कुठल्या गावात पोचली. एक वाटी मी आमच्या घरी पण नेली होती. ती एक दिवस कोनाड्यातनं गायब. मायला विचारलं तर म्हणाली, "तुझ्या बापानं नेली. हिरीजवळच्या झाडाला घातली."

विहिरीजवळचं ते मोसंबीचं झाड शेंड्याकडनं वाळत चाललं होतं. आबांनी सगळे उपाय करून हात टेकले होते. बुरशी घातली आणि तीन-चार महिन्यांत झाडाला अशी पालवी फुटली की विचारू नका. आंबे बहाराला, म्हणजे आंब्याच्या मोहराबरोबर येणाऱ्या बहाराला, ते इतकं लगडलं की फांद्यांना टेकू द्यावे लागले. आबा दुपारची भाकर त्याच्याच खाली खायला लागले. कुणी विचारलं की म्हणायचे, "झाडानं मनावर घेतलं." झाडानं! आणि माझी बुरशी काय गोट्या खेळत होती? मी घरात भांडी आपटली. आबांनी ऐकून न ऐकल्यासारखं केलं.

खंडेनवमी आली. सर औरंगाबादहून पॅसेंजरनं येणार होते, त्यांना आणायला मी परतूर स्टेशनवर गेल्ते. किल्ली घरी खुंटीवर होती. आम्ही परत आलो तर केंद्राचं दार उघडं, आणि दारात माय उभी. हातात पूजेचं ताट, अंगावर ठेवणीतलं लुगडं, तोंडावर असा आनंद की मी तिला तशी पूर्वी बघितलीच नव्हती. तोवर तिनं त्या खोलीत कधी पाऊल ठेवलं नव्हतं.

"समद्यांच्या हत्याराची पूजा झाली," ती म्हणाली, "माझ्या लेकीचंच हत्यार तेवढं बिनपूजेचं ऱ्हायलं. बरं दिसतंय का ते? गाडग्याला हातसुदीक लावला न्हाई हं. फकस्त बाईची ओटी भरली."

सर आत गेले. मी दारातच उभी राहिले, कारण मला वास आला होता. आमच्या घरची हळद शेतातली, माय स्वतः उकडून, वाळवून, कुटते. तिचा वास गल्लीभर जातो. तिनं प्रत्येक वाफ्यावर तांदूळ, खोबऱ्याची वाटी ठेवली होती, आणि हळदीकुंकवाच्या चिमटी नव्हे, मुठी. कद्रूपणा करायचा नाही, लेकीच्या मालकिणीची ओटी आहे, म्हणून मुठी. ओल्या भुशात ती हळद भिनत चालली होती.

सर वाकून भुसा चाचपू लागले. मायला आमच्या तोंडांवरनं काहीतरी कळलं. ती वाफ्याकडं बघत राहिली, मग स्वतःच्या पिवळ्या हातांकडं. कैरीच्या लोणच्याला बुरशी धरू नये म्हणून दर उन्हाळ्यात हळद घालणारी बाई ती. तिला सांगायची गरजच नव्हती. "अगं माय गं," एवढंच म्हणाली आणि ताट घेऊन खाली बसली. माझी जीभ कात्रीसारखी चालते, गावाला माहीत आहे. पण त्या ताटापुढं ती काही चालली नाही. माझ्या कामाला आयुष्यात पहिल्यांदा कुणीतरी नमस्कार करायला आलं होतं, आणि त्यातच ते मेलं होतं.

आम्ही हळदीचा थर काढला, भुसा बदलला, पाणी मारलं. काही उपयोग झाला नाही. दसऱ्याच्या सकाळी सगळे धागे पिवळे पडून भुशाला चिकटले होते. गाडगं बंदच होतं, पण त्याला चारा पुरवणारं वाफ्यातलं शरीरच गेलं होतं. सर ओट्यावर बसून होते. मग त्यांनी विचारलं, "तुम्ही वाटलेलं विरजण... गावात अजून कुणाकडे जिवंत असेल?"

मी उत्तर द्यायच्या आत माय उठली. अनवाणी, हातात रिकामी वाटी. दसऱ्याच्या दिवशी, ऐन सणाला, दारोदार जाऊन म्हणायचं, "माझ्या हातनं मोडलं. विरजण द्या." मायसारख्या मानी बाईला ते किती जड गेलं असेल ते माझं मलाच ठाऊक. पण गेली.

आणि त्याच वेळी मी केंद्राच्या दारातनं काय बघितलं? आबा. डोक्याला फेटा, अंगात लग्नाकार्याचा कोट, हातात आपट्याची फांदी, आणि निघालेत मंठ्याच्या रस्त्यानं. त्या बाजूला आमचं सोयरंधायरं कुणी नाही. त्या बाजूला आमच्या कामाचं एकच गाव, स्थळाचं. माझ्या तळपायाची आग मस्तकात गेली. अरे, दिवाळीपर्यंतचा शब्द दिला होता ना? अजून वाफ्यातली हळद वाळली नाही आणि हे सोनं द्यायच्या निमित्तानं बोलणी पक्की करायला निघाले! उतावीळ झाले म्हणजे किती व्हावं माणसानं!

दुपारपासून बायका यायला लागल्या. दसऱ्याला लेकी माहेरी आलेल्या, त्यांतल्या कितीतरी सासरहून येतानाच वाटी घेऊन आल्या होत्या, कारण माहेरच्या विरजणाची खुशाली दाखवायला आणायची त्यांची पद्धतच पडली होती. एका हातात वाटी, दुसऱ्या हातात आपट्याची पानं. "घे सोनं," म्हणायच्या आणि दोन्ही माझ्या ओंजळीत द्यायच्या. दहावीपर्यंत माझ्याबरोबर असलेली माझी बौद्धवाड्यातली मैत्रीण विहारातली वंदना आटोपून तशीच पांढऱ्या पातळात आली. तिनं तर मोगऱ्याची अख्खी कुंडी आणली होती. म्हणाली, "रडून नको राहू. काढ पाह्यजे तेवढं." मी रडत नव्हते. डोळ्यांत हळद गेल्ती, असं मी तिला सांगितलं. त्या बायकांतली एकही मला त्या दिवशी 'का' म्हणून विचारत बसली नाही. आज त्यांतल्या काही राहिल्या नाहीत. ज्या आहेत त्या भेटल्या की मी वाकून पाया पडते, आणि त्या म्हणतात, "हिला काय झालं गं आज?"

सगळं एकत्र केलं तर एक टोपलं भरलं. सरांनी एकेक धागा भिंगाखाली धरून बघितला. त्यांचा आवाज मुळातच हळू, त्या दिवशी तर कान द्यावा लागला. "विचार जिवंत आहे," ते म्हणाले. "प्रत्येक वाटीला आपापल्या गावची माती ओळखीची आहे, हे तर फारच छान. पण यांच्यात ताकद नाही. हे वाफे भरायला वर्ष जाईल. एखादं मोठं शरीर पाहिजे, मुळांसकट, जे लगेच गाडग्याला चारा देईल. कुठे आहे का असं?"

होतं ना. विहिरीजवळ. अख्ख्या झाडाच्या मुळ्यांत पसरलेलं. मी म्हणाले, "न्हाई, कुठंच न्हाई." माय माझ्या मागंच उभी होती. तिनं माझ्याकडं बघितलं. सर बाहेर गेल्यावर म्हणाली, "मी इचारते त्याह्यला."

"बिलकुल न्हाई," मी म्हणाले. "ते मला उजवायला गेलेत तिकडं, आन् मी त्यांच्यापुढं पदर पसरू? मेली तर मरू दे. माझं नशीब आन् मी."

ती गप्प बसली. आबा दिवे लागायच्या वेळेला परतले. मी त्यांना सोनं दिलं नाही. त्यांनी माझ्या हातात पान ठेवलं, ते मी चुलीपाशी टाकलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी केंद्रात टोपल्यावर पाणी शिंपडत होते तर बैलगाडीचा आवाज आला. बाहेर आले. गाडीत मोसंबीचं झाड आडवं. अख्खं झाड, फळांसकट. बुडाशी मातीचा हा एवढा मोठा गोळा, ओल्या तरटात गुंडाळून सुतळीनं आवळलेला. गाडीमागं रस्त्यावर मोसंब्या सांडलेल्या दिसत होत्या. आबांच्या कोपरापर्यंत माती, खांद्यावर कुदळ.

सरांना म्हणाले, "हे चालंल का बघा."

सर गोळ्याभोवती फिरले. तरट थोडं उचलून बघितलं. आत पांढरं शुभ्र जाळं, जिवंत, मुळीमुळीला धरून. सर म्हणाले, "अहो, पण झाड कशाला उपटलंत? अर्धी मुळं दिली असतीत तरी..."

"अर्ध्यात झाड बी जगत न्हाई, आन् तुमचं बी भागत न्हाई," आबा म्हणाले. "मंग पुरतंच आणलं."

आणि मला काय म्हणाले? "मोसंब्या उतरून घे. मायजवळ दे." बस. गाडी मोकळी करून निघून गेले. मी मोसंब्या तोडत बसले. बराबर पिकायला आल्या होत्या, थोडे दिवस राहिल्या असत्या तर बाजारात गेल्या असत्या.

गोळा मधल्या वाफ्यात बसवला, भोवती वाट्यांतलं विरजण लावलं, तारा जोडल्या. आता फक्त गाडगं न हलवता बसून राहायचं. ते दिवस मला आठवतात ते ओल्या तरटाच्या वासासकट. माय रोज येऊन दाराबाहेर बसायची, आत यायची नाही, आणि हात धुतलेले असले तरी पदराला पुसत राहायची. मग हळूहळू टोपल्यातले धागे गोळ्यातल्या धाग्यांना भेटले. एका सकाळी सरांनी तारेला जोडलेल्या मीटरचा काटा बघितला आणि मला नुसती मान हलवून दाखवली.

पुण्याची माणसं वसुबारसेच्या दिवशी आली. झाकण उघडलं. परातीतल्या काळ्या मातीवर पांढऱ्या रेघा उमटलेल्या, काही केसासारख्या, काही करंगळीएवढ्या. मधे कुठंही हात थरथरल्यासारखी रेघ नव्हती. सर चष्मा काढून पुसत होते आणि तो पुसला जातच नव्हता. एक जाड रेघ आमच्या शिवारातनं वळून पलीकडच्या वस्तीखालनं जात होती. त्या वस्तीला होळीनंतर टँकरची वाट बघावी लागायची. पुढं तिथं विहीर खणली. तिचं पाणी वैशाखातही उरलं. तिथल्या बायका अजून मला पाण्याशिवाय पुढं जाऊ देत नाहीत, तहान नसली तरी प्यावंच लागतं.

केंद्र राहिलं. मी कायम झाले. तुळशीचं लग्न आलं, अंगणात उसाचा मांडव झाला, आणि आबा एका कोपऱ्यात ऊस सोलत बसले. लग्नाचा विषय काढला नाही. मी पण काढला नाही. पण आतून मी अशी खूश होते! बापाचा डाव उधळला होता. मी जिंकले होते, माझ्या बुरशीनं मला जिंकून दिलं होतं. झाड दिलं हे खरं, त्याबद्दल मी त्यांना मनातल्या मनात मानत होते. पण ते मायनं रडून-भेकून मागितलं असणार, असंच मी धरून चालले. कोट-फेटा घालून गेलेला तो माणूस माझ्या डोळ्यांपुढनं हलला नाही. नंतर लग्न केलं ते माझ्या मर्जीनं, माझ्या वेळेला. आबांनी जावयाला पाहिलं आणि म्हणाले, "बराय."

वर्षं गेली. गावात मोबाईल आले. सर निवृत्त झाले, अजून दिवाळीला फोन करून आधी बुरशीची चौकशी करतात, मग माझी. आबा गेले. विहिरीजवळचा खड्डा त्यांनी शेवटपर्यंत बुजवला नाही, दुसरं रोप पण लावलं नाही. पावसाळ्यात त्यात पाणी साचायचं.

आबा गेल्यानंतरच्या पहिल्या खंडेनवमीला माय आणि मी अंगणात अवजारं मांडत होतो. घरात उदास होतं, म्हणून मी आपलं थट्टेनं म्हणाले, "आठवतं का गं, त्या दसऱ्याला आबा मला उजवायला कसे नटूनथटून निघाल्ते?"

मायचा हात थांबला. "कोण म्हणलं उजवायला?"

"मंग कशाला गेल्ते?"

"न्हाई म्हणायला," माय म्हणाली. "नवमीला रात्री भाकर खाल्ली न्हाई त्यांनी. म्हणले, पोरीची बाई मेली. आता तिला तिकडं धाडली तर जलमभर म्हणंल, मेल्या बुरशीसंगं मला बी पुरलं. सोयरिकीला निरोप धाडून न्हाई म्हणू ने, तोंडानं जाऊन म्हणावं, म्हणून कोट घालून गेले. लई बोल ऐकून आले तिथं. दुसऱ्या दिवशी सकाळी कुदळ घेतली."

"तू मागितलं न्हाई झाड?"

"तूच तर मला गप बसवलं व्हतं. समदं गाव वाट्या घेऊन आलेलं ऐकलं, आन् त्यांचं त्यांनीच वळखलं."

म्हणजे झाकण उघडायच्या कितीतरी आधी, बुरशी जगते की मरते हे कुणालाच ठाऊक नव्हतं तेव्हाच, मी सुटले होते. मग एवढी वर्षं मला का सांगितलं नाही, असं मी जवळजवळ ओरडूनच विचारलं.

"मी म्हणलं व्हतं, पोरीला सांगा," माय म्हणाली. "तर म्हणले, नको. आपुन जिंकलो, असं समजून ती कशी ताठ चालती बघ. चालू दे तिला तशीच."

मी खूप रडले. या वेळी डोळ्यांत हळद गेली म्हणायची पण सोय नव्हती. आबा, तुमचे उपकार मी कुणाकुणाच्या नावावर मांडत बसले हो!

मग उठले. कोठीच्या कोपऱ्यात आबांची कुदळ होती, दांडा हातांच्या घट्ट्यांनी गुळगुळीत झालेला. ती धुतली, पुसली, आणून सगळ्यांच्या आधी, ओळीत पहिली ठेवली. ताटातली हळद मूठभर घेतली आणि तिला लावली, पात्यापासून दांड्यापर्यंत. मायनं ताट पुढं सरकवलं. मग मी हात राखेनं स्वच्छ धुतले आणि केंद्राकडं गेले, बाईला बाहेरून बोटभर कुंकू लावायला.